एकतीस इंचांचा ओटा

स्कूटीचा स्टँड वेल्ड करून घ्यायला मी कारध्याला संघपालच्या वर्कशॉपमध्ये गेले, तर तिथे फोर बाय फोर ट्रकच्या चेसिसवर एक अख्खं घर चढत होतं. नागपूरचं एक जोडपं त्यातून लडाखला जाणार होतं. मी आत डोकावले आणि नको तिथे तोंड उघडलं.

"एवढ्या बारीक वायरवर फ्रीज चालवून राहिले का तुमी? जळन ना!"

संघपालने काळा चष्मा कपाळावर सरकवला. "मंग तुमीच करून द्या. येते का काही, का नुसतंच बोलता?"

"आयटीआय केला मी, इलेक्ट्रिशियनचा. पहिली आली होती."

तिसरी आले होते. असो.

तीन महिने मी त्या गाडीत वायरी ओढल्या. तो स्वयंपाकाच्या ओट्याची चौकट जोडायचा, मी ओट्यावरच्या बोर्डाशी उभी. 'तुमी'चं 'तू' झालं. प्रेमात पडलेय हे कळलं तेव्हा मला धक्का वगैरे काही बसला नाही. चांगलं चालणारं एक बटण मी तीनदा बदललं, एवढंच. काम संपलं की इथे यायचं कारणच उरणार नव्हतं... आणि हा गडी काही बोलायला तयार नव्हता.

वायरिंग संपलं त्याच दिवशी गाडीच्या मालकीणबाई, रिता मॅडम, बघायला आल्या. चांगल्या पावणेसहा फूट उंच. ओट्यातल्या बेसिनशी कमरेत वाकल्या, सरळ होताना कपाळ वरच्या कपाटावर आपटलं.

"हे कोणाच्या मापाने केलंय?"

सगळं बदलायला आठ दिवस देऊन मॅडम गेल्या.

मी टेप लावला. ओटा एकतीस इंच. भिंतीवरच्या नकाशात ठळक छत्तीस. मी पाच फुटांना इंचभर कमी. ओट्याशी उभी राहिले, तर हात अगदी हवे तिथे टेकले.

"छत्तीसचं एकतीस काहून केलं?"

त्याने ग्राइंडर उचलला, परत ठेवला. "तू रोज तिथंच उभी राहायची... मंग मले तिथं दुसरं कोणी दिसलंच नाही. हसू नको, खुशबू."

मी हसत नव्हते. इतका आनंद झाला होता की रडूच येत होतं.

"कापू नको," मी म्हणाले. "सुटा काढून ठेव."

"कायले?"

"दुसरी गाडी बनवू. लहान. दोघांपुरती."

"अन् घरी काय सांगशील?"

"मी काहून सांगू? तूच येऊन सांग. रविवारी बाबा घरीच असतात."