घड्याळाच्या पोटातली पावती

दिवे गेलेत तर गप्प बसा आणि ऐका. हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. ही गोष्ट आमच्या वकिलीच्या ऑफिसातल्या जुन्या कारकुनाची. खोटं बोलणं त्याला कधी जमलं नाही. जमलं असतं तर तो वकील झाला असता.

तेव्हा तो एका बाईंच्या भरपाईच्या दाव्याचे कागद बघत होता. नवरा घड्याळजी. दुकान बंद करून घरी चालला होता, वळणावर मागून टेम्पोने उडवलं. जागच्या जागी गेला. चूक टेम्पोची, हे विमा कंपनीलाही मान्य. पण कंपनीचा वकील कोर्टात म्हणाला, "म्हाताऱ्याचे हात थरथरत होते. धंदा कधीच बसला होता. कमाई नाही, तर भरपाई कशाची?" एवढं बोलून त्याने मनगटावरचं सोनेरी घड्याळ बघितलं. ते कायम चार मिनिटं मागे असायचं, म्हणून स्वारी रोज उशिरा यायची.

अकरा महिने कारकुनाचं एकच टुमणं होतं, "वहिनी, पावत्या आणा." आणि त्यांचं एकच उत्तर, "ह्यांनी कधी पावती फाडलीच नाही." शेवटच्या तारखेच्या आदल्या दिवशी, सतरा तारखेला, मंगळवारी रात्री बाई धावतच त्याच्या दारात आल्या. अकरा महिने दोघांच्याही डोक्यात जे आलं नव्हतं ते त्यांना आता आठवलं होतं. काम झालं की घड्याळजी झाकणाच्या आतून तीन ठिपके, एक चंद्रकोर आणि तारीख कोरायचा. पावती घड्याळाच्या पोटात होती!

साडेअकराला दोघं दुकानात शिरले. वीज कधीच तोडलेली. दुरुस्त होऊन पडलेली घड्याळं खणात होती, प्रत्येकाला गिऱ्हाइकाच्या नावाची चिठ्ठी. बाई झाकणं उघडत होत्या, कारकून टॉर्च धरून तारखा लिहून घेत होता. शेवटची तारीख अपघाताच्याच दिवसाची निघाली.

"झालं, वहिनी. निघू या."

टिक.

एक घड्याळ चालू झालं. अकरा महिने त्याला कोणी किल्ली दिली नव्हती.

मग दुसरं... मग सगळी.

खुर्ची करकरली. रिकामी खुर्ची. टेबलावरचं भिंग हळूच वर उचललं गेलं...

कारकुनाची पाचावर धारण बसली. तो मागे मागे दाराकडे सरकला.

बाई मात्र तसूभर हलल्या नाहीत. कमरेवर हात ठेवून म्हणाल्या, "आलात? बरं झालं. तो वकील म्हणतो, तुमचे हात थरथरत होते. मला रडायला सवड नाही, उद्या दहाला तारीख आहे. दाखवा त्याला!"

सगळी घड्याळं थांबली. एकदम.

भिंग... कुठेच नव्हतं.

पहाटेपासून बाईंनी गिऱ्हाइकांची दारं वाजवली आणि अकराजणांना कोर्टात उभं केलं. "खुणा काय, कोणीही कोरेल," वकील म्हणाला. तसे एक निवृत्त मास्तर उसळले, "अहो, अपघाताच्या दिवशीच दुपारी मी स्वतः घड्याळ त्यांच्या हातात दिलंय! माझ्यासमोर उघडलं त्यांनी!" जज्जसाहेबांनी एकेक झाकण निरखून बघितलं. दावा मंजूर झाला. बाई ताठ मानेने बाहेर पडल्या आणि मगच रडल्या.

कंपनी अपील करणार, असं सगळे म्हणत होते. महिन्याभराने तो वकील एकटाच कारकुनाकडे आला. त्याचं घड्याळ त्या बुधवारपासून सेकंदभरही चुकत नव्हतं. घेतल्यापासून ते कोणी उघडलंही नव्हतं, मग सुधारलं कसं, म्हणून त्याने उघडून घेतलं होतं. त्याने झाकण टेबलावर पालथं ठेवलं.

तीन ठिपके. चंद्रकोर. तारीख सतरा.

कारकुनाने कागद वाचायचं आपलं भिंग लावून पाहिलं. एकही रेघ थरथरलेली नव्हती.