उसनं कंपन

रेवती खानझोडेने मान किंचित डावीकडे वळवली, तसा पडद्यावर विमानाचा डावा पंख दिसू लागला. डोक्यावर ना टोप, ना तारा. समोर फक्त साधा वेबकॅम. तिचं 'शिरोवेध' हे सॉफ्टवेअर चेहऱ्यावरून मानेची हालचाल ओळखायचं. संगणकावर आभासी विमानं उडवणारे लाखो हौशी ते फुकट वापरत.

"पण खरा ऐवज तू फेकून देतेस," मागे उभा असलेला डॉ. निरंजन सरंजामे म्हणाला. तो तिचा जुना सहकारी, आता एका विमा कंपनीचा शास्त्रज्ञ. घरी विमानं उडवायला तोही शिरोवेधच वापरायचा.

"काय फेकते मी?"

"सूक्ष्मकंपन. माणसाचं डोकं कधीच पूर्ण स्थिर नसतं. दृश्य थरथरू नये म्हणून तू ते गाळतेस. कंपवात हातात दिसायच्या कितीतरी वर्षं आधी त्या कंपनात दिसतो. तुझाच खुला कोड वापरून आम्ही तो कुठल्याही व्हिडिओ कॉलवरून वाचतो."

"आणि त्या माणसाला सांगता?"

"नाही. विमा नाकारतो." त्याने आवाज उतरवला. "आमच्याकडे ये, रेवती. तुला कंपनीचं छत्र लागेल. कालच्या कॉलवर तुझं कंपन पाहिलं मी."

म्हणजे कंपवात तिलाच होता. पण तिने नजर हटवली नाही.

"डॉक्टरांकडे मी जाईनच. तुझ्याकडे येणार नाही. मला न विचारता माझं डोकं वाचलंस ना? आता कुणाचंही वाचून दाखव!"

काही दिवसांतच शिरोवेधची नवी आवृत्ती निघाली. आता ते कॅमेरा आणि बाकीचे सगळे प्रोग्रॅम यांच्या मध्ये बसायचं, चित्रातलं खरं कंपन पुसायचं आणि तिथे दुसऱ्याच कुणाचं तरी चढवायचं. नुसतं पुसलं असतं, तर लपवाछपवी लगेच उघडी पडली असती. ही कंपनं वापरणाऱ्यांनीच राजीखुशीने दिली होती. पहिलं रेवतीचं होतं.

पुढे एकदा निरंजनचा फोन आला. तो थेट ओरडलाच.

"घरून केलेला व्हिडिओ कॉल वाचून कंपनीने माझाच विमा नाकारला! मला कंपवात आहे म्हणे! रेवती, ते कंपन तुझं आहे, मी ओळखतो!"

"असेल. मग शिरोवेध काढून टाक आणि पुन्हा बस त्यांच्या कॉलवर. तुझं खरं काय ते दिसेल त्यांना. तुलाही."

निरंजनचा आवाज एकदम खाली आला.

"नको," तो म्हणाला. "राहू दे."