कड्यातली गाय

माझा नवरा ट्राउगोट गेला, आणि त्याच्या लेथवर त्याचा पुतण्या लुत्झ उभा राहिला. झायफेन गावात खेळण्यातल्या जनावरांची लाकडी कडी कातणारे आता हाताच्या बोटांवर मोजण्याइतके, म्हणून मीही आढेवेढे घेतले नाहीत. हा टिकला तर माझ्या नवऱ्याचा कारखाना टिकणार होता.

काम आंधळं. ओल्या स्प्रूस लाकडाची चकती लेथवर फिरवत पटाशीने खाचा पाडून तिचं कडं करायचं. आत कोणतं जनावर आहे ते कातणाऱ्याच्या हाताला कळतं, डोळ्यांना नाही. मग ते कडं मी सुरी-हातोडीने फोडते. केक कापावा तसे तुकडे पडतात आणि प्रत्येक तुकड्यात तेच जनावर, सरळ समोर बघणारं. शिंगं, शेपूट नंतर चिकटवायचं.

लुत्झच्या पहिल्या गायी डुकरासारख्या होत्या. मी तसं तोंडावर सांगितलंही. आणि एके सकाळी कडं फोडलं तर आत ट्राउगोटची गाय. मान उंच, कुणीतरी हाक मारल्यासारखी. ती गाय त्याने कुणालाच शिकवली नव्हती. मलासुद्धा नाही.

माझं डोकं फिरलं. माळ्यावर ट्राउगोटची जुनी कडी असणार आणि हा पठ्ठ्या तीच आणून देतोय. मेलेल्या माणसाचा हात पुतण्याच्या नावाने मी विकणार नव्हते. चोरी निघाली तर कारखान्याला कुलूप, हे मी ठरवूनच टाकलं.

दुपारी लाकूड भिजत ठेवायच्या टाकीतून चकती मी स्वतः काढली.

“गायी कर. मी इथेच बसते.”

“बसा की, काकू,” लुत्झ म्हणाला. “मीही तुमच्यावर नजर ठेवतो.”

हे काय बोलणं झालं? तो कातत होता, ओला भुसा माझ्या मांडीवर उडत होता. कडं त्याने थेट माझ्या हातात दिलं. लाकडातून अजून पाणी झिरपत होतं.

मी फोडलं. मान उंच केलेली गाय.

“माझी चूक झाली रे,” मी म्हटलं. मनातून इतकं हलकं वाटलं, काय सांगू. “हात आला तुला.”

लुत्झचा चेहरा पांढरा पडला होता.

“काकू, मी मुद्दाम घोडा कातला.”

“काय बोलतोस?”

“किती दिवस झाले, काहीही कातलं तरी हीच निघते. मला वाटायचं, काकांचं नाव राहावं म्हणून तुम्हीच कडी बदलता.”

मी तो तुकडा उलटासुलटा करून पाहिला. गायच होती.

त्याने एप्रन काढला, खुंटीला अडकवला. “यात माझा हात कुठे आहे, काकू? मी गाव सोडतोय.”

मी थांब म्हणायला हवं होतं. दार लागलं, बर्फावर त्याचे बूट वाजत लांब गेले.

कडं अर्धं उरलं होतं. हाताला चाळा हवा म्हणून मी फोडत बसले. त्याच्यादेखत फोडलेल्या गायी समोर बघत होत्या.

तो गेल्यावर फोडलेल्या सगळ्यांनी माना दाराकडे वळवल्या होत्या.