धुरानं जागं होणारं बी

पाण्याची पहिली बादली माझ्या ड्रमवर पडली, दुसरी माझ्यावर.

डोळे पुसून पाहिलं, तर समोर एक उंच माणूस धापा टाकत उभा. अंगात जाड कोट, पायांत त्याहून जाड बूट, हातात रिकामी बादली, आणि चेहऱ्यावर एखाद्याचा जीव वाचवल्याचं समाधान.

"घाबरू नका," तो म्हणाला. "विझली!"

"विझली?" मी केसांतलं पाणी निथळवत ओरडले. "अहो, ती पेटवण्यात माझी अख्खी सकाळ गेली!"

"पेटवण्यात...?" त्याची नजर ड्रमवरून ड्रमच्या पाइपवर गेली, पाइपवरून त्या पाइपच्या टोकाला असलेल्या बंद पेटीवर, आणि पेटीवरून परत माझ्यावर. "म्हणजे मुद्दाम?"

"नाही, हौस म्हणून!"

आता इतक्या वर्षांनी हे सांगतानासुद्धा मला हसू आवरत नाही. पण तेव्हा माझा नुसता संताप झाला होता. बीघरात, म्हणजे रानातल्या झाडाझुडपांचं बी जपणाऱ्या संस्थेत, माझी पहिलीच नोकरी. डोंगरांच्या पायथ्याशी आमची ती लांबट इमारत, आणि मागच्या अंगणात हा माझा गंजका ड्रम. आमच्या डोंगरांना दर काही उन्हाळ्यांनी वणवा लागायचा. पिढ्यान् पिढ्या असं जळत आल्यामुळे तिथल्या झाडाझुडपांनी आपापल्या युक्त्या काढल्या होत्या. काही झुडपांचं बी तर इतकं हट्टी, की उत्तम माती द्या, पाणी द्या, ऊन द्या, ते ढिम्म हलायचं नाही. त्याला धूर लागायचा! वरचं दाट रान जळून मोकळं झालं, ऊन जमिनीपर्यंत पोहोचायला लागलं, ही बातमी त्याला धुराकडून कळायची. मग ते डोळे उघडायचं. म्हणून आम्ही ड्रममध्ये सुकी पानं जाळायचो आणि त्यांचा धूर पेटीतल्या बियांच्या ट्रेवर सोडायचो.

टेहळणीच्या मनोऱ्यावर आधी कळवल्याशिवाय धूर काढायचा नाही, असा नियम होता. मी कळवलंही होतं. पण मनोऱ्यावरची पाळी बदलली, आणि माझा निरोप जुन्या पाळीबरोबर घरी जेवायला गेला.

"बियांना धूर देता?" त्यानं विचारलं.

"देतो."

"आणि त्या उगवतात?"

"उगवल्या असत्या." मी पेटीचं झाकण उचललं. ट्रेमध्ये काळं पाणी डबडबलं होतं.

तो हसू दाबायचा प्रयत्न करत होता. ते काही दबेना. शेवटी काजळी माखलेल्या त्या तोंडात नुसते दातच दात दिसले. "चुकलं माझं, धुरीबाई."

"आणि तुम्हाला बंब म्हणतात ते उगाच नाही!"

पाहिलं नव्हतं, तरी त्याच्याबद्दल ऐकून होते; सगळे त्याला बंबच म्हणायचे. वणवा विझवणाऱ्या तुकडीचा तो प्रमुख. धूर दिसला की विचारायच्या आत सुटायचा.

त्या दिवशी घरी गेले तर आत्या दारातच नाक मुरडून उभी. शहरात मी तिच्याकडेच राहायचे. "रोज धुराचा वास असतो, आज ओलीही आहेस. तू नोकरी करतेस की भट्टी लावतेस गं?"

मी सगळं सांगितलं. आत्यानं नीट ऐकून घेतलं आणि एकच प्रश्न विचारला – "दिसायला कसा आहे?"

"आत्या!"

"पाणी टाकणारा माणूस कसा दिसतो, एवढंच विचारलं. लाल व्हायला काय झालं?"

दुसऱ्या दिवशी फाटकाशी पुन्हा ते जाड बूट वाजले.

"आज धूर काढणार आहात का, ते विचारायला आलो."

"फोन आहे की बीघरात."

"फोनवर वास येत नाही."

"कशाचा?"

तो गडबडला. "...धुराचा."

मग हे रोजचंच झालं. मी ड्रम पेटवायचे आणि तो विझवायला तयार म्हणून बाकावर बसायचा. मोठ्या बाई, म्हणजे आमच्या बीघराच्या प्रमुख, खिडकीतून बघून म्हणायच्या, "आगीपासून आपलं संरक्षण फारच कडक झालंय हं हल्ली!" आणि मी खाली मान घालून उगाच बिया निवडत राहायचे.

एकदा आत बोलावून मी त्याच्या तळहातावर एक फळ ठेवलं. लाकडासारखं टणक, चारी बाजूंनी राळेनं घट्ट मिटलेलं.

"उघडा बघू."

त्यानं नखानं पाहिलं, चाकूनं पाहिलं, दातांनी पाहायला निघाला तेव्हा मी ते काढून घेतलं आणि शेगडीच्या तव्यावर ठेवलं. राळ पाघळली. थोडा वेळ काहीच नाही... आणि मग टक्! एक पाकळी उघडली. टक्, टक्! आतून कागदासारखे पातळ पंख असलेलं बी घरंगळलं. तो इतका वाकून बघत होता, की त्याचा श्वास माझ्या मनगटाला लागत होता.

"म्हणजे हे आगीची वाट बघत बसतं?"

"आगीची नाही हो," मी म्हणाले. "आगीनंतरची."

त्यानं मान वळवून मागे पाहिलं. खिडकीतून समोरची टेकडी दिसत होती, नखशिखान्त काळी. तेव्हा माझ्या ध्यानात आलं, हा माणूस रोज इथे येतो, पण नेहमी त्या टेकडीकडे पाठ करून बसतो.

"मागच्या उन्हाळ्यात त्या टेकडीवर आम्ही जाळरेषा काढली होती," तो हळूच म्हणाला. वणवा पुढे सरकू नये म्हणून आधीच गवत जाळून मोकळा ठेवलेला पट्टा, त्याला जाळरेषा म्हणतात. "वारा फिरला. मी माणसं खाली उतरवली. माणसं वाचली. टेकडी गेली."

"बरोबरच केलंत."

"सगळे तेच म्हणतात." त्यानं ते उघडलेलं फळ परत माझ्या हातात ठेवलं. बोटं क्षणभर जास्तच रेंगाळली. "पण ती मी सोडली, धुरीबाई. मी."

आणि मग आली ती सकाळ! ते बुडालेले ट्रे मी टाकून दिले नव्हते. जीव होत नव्हता, म्हणून पाणी ओतून कोपऱ्यात सरकवले होते. त्या सकाळी सहज बघायला गेले आणि किंचाळलेच. ट्रे हिरवेगार! नुसता धूर दिलेल्या ट्रेमध्ये इथे एक, तिथे एक कोंब, आणि या भिजलेल्यांमध्ये पाऊल ठेवायला जागा नाही. मोठ्या बाई चष्मा कपाळावर चढवून धावत आल्या.

"अगं, पाण्यानं धूर थेट बियांच्या पोटात नेला! रानातही असंच होत असणार. आधी आग, मागून पाऊस!" त्यांनी चक्क माझे दोन्ही हात धरून गिरकी घेतली. पन्नाशीच्या बाई!

मला मात्र एकाच माणसाला सांगायचं होतं. एप्रन अंगावर तसाच ठेवून मी रस्त्यानं पळत सुटले. त्याच्या बादलीनं केलं होतं हे... त्याच्या त्या मूर्ख, गोड बादलीनं!

अग्निशमन केंद्रात तो ट्रंकेत कपडे भरत होता.

"उगवलं!" मी दारातूनच ओरडले. "तुमच्या पाण्यानं सगळं उगवलं!" आणि मग मला ट्रंक दिसली. "...हे काय?"

"बदली मागितली होती. आज हुकूम आला. बंदरावर." तो शर्टाची एकच घडी पुन्हा पुन्हा घालत होता. "तिथे टेकड्या नाहीत."

"कधी?"

"परवा."

"आणि मला कधी सांगणार होतात? फोनवर?"

त्यानं शर्ट ट्रंकेत टाकला. पळून आल्यामुळे माझी छाती धपापत होती, आणि आता वेगळ्याच कारणानं धपापू लागली. हा गेला तर? हा त्या टेकडीकडे पाठ करून गेला, तर बरोबर माझ्याकडेही पाठच होणार होती.

"टेकडीवर चला. आत्ता."

"काय आहे तिथे? कोळसा."

"बघितलात?"

त्यानं ट्रंकेचं झाकण लावलं.

"पेटलेल्या रानात शिरणारा माणूस विझलेल्या टेकडीला भितो होय?"

त्यानं माझ्याकडे रागानं पाहिलं. मग खाली वाकून बूट चढवले.

खरं सांगायचं तर वर काय असेल ते मलाही ठाऊक नव्हतं. जळक्या फांद्या पडतात म्हणून टेकडी आतापर्यंत बंद होती. मध्ये दोन-चार सरी येऊन गेल्या होत्या, एवढाच काय तो आधार. पहिल्या चढाला नुसती राख आणि काळे खुंट. त्याचे बूट पुढे, माझ्या चपला मागे. माझा धीर सुटत चालला होता. कुठून बुद्धी झाली आणि याला इथे आणलं!

माथा ओलांडला, आणि तो थबकला. मी त्याच्या पाठीवर आदळले.

समोरच्या खोलगट उतारावर, त्या काळ्या राखेतून, लाल फुलं उभी होती. एक पान नाही, नुसते दांडे आणि लाल फुलं... शेकडो! जमिनीखालच्या कंदांनी आग डोक्यावरून जाऊ दिली होती आणि सगळ्यांत आधी डोकं वर काढलं होतं. झाडांची खोडं काळी ठिक्कर, पण त्या काळ्या सालीतूनच, अंगावर शहारा यावा तसे, खालपासून वरपर्यंत हिरवे कोंब फुटलेले. आणि पायाशी, राखेत, माझ्या ट्रेमधली ओळखीची इवली जुळी पानं. पाय टेकवायला भीती वाटावी इतकी!

"बघा!" मी नाचतच होते. "तिकडे बघा! अहो, इकडेही!"

तो गुडघ्यांवर बसला होता. एका खोडाची जाड साल त्यानं नखानं जराशी सोलली. आतून ओलं, फिकट हिरवं अंग दिसलं. त्यावर त्यानं तळहात टेकवला.

"जिवंत आहे," तो म्हणाला.

"आहेच मुळी."

"मग..." त्यानं मान वर केली. डोळे ओले, ओठांवर हसू. "मग हिला माझी गरजच काय? ही आपली आपण उठते."

आणि इथे माझं सगळं शिक्षण कामी आलं.

"गरज आताच आहे! ही बाळं मोठी व्हायला हवीत, त्यांना फुलं यायला हवीत, बी धरायला हवं. त्याच्या आत पुन्हा वणवा आला ना, तर जमिनीत बीच उरणार नाही. मग मात्र खरंच संपलं. हिला आग सोसते, पण मध्ये श्वास घ्यायला वेळ लागतो. तेवढा वेळ कुणीतरी राखायला नको?"

"किती वेळ?"

"सात-आठ वर्षं तरी."

"आणि नंतर?"

"नंतरचं... नंतर बघू."

तो उठला. माझ्या अगदी समोर. वारा सुटला होता, राखेचा आणि ओल्या पाल्याचा वास मिसळून येत होता.

"हे टेकडी सांगतेय," त्यानं विचारलं, "की तू?"

तू! मनातल्या मनात मी एक उडी मारली.

"टेकडीला बोलता येतं का, वेड्या?"

त्यानं माझा हात कोपराजवळ, बाहीवरूनच धरला. मग दुसराही. "साहेब ओरडतील. हुकूम निघालाय."

"ओरडू देत. बंबावर पाणी कोण टाकणार?"

तो असा हसला, की जवळच्या खोडावरून एक पाखरू भर्रकन उडालं.

आम्ही थेट साहेबांकडे गेलो. मी बाहेर उभी राहिले. साहेब पुष्कळ ओरडले, ते मला भिंतीपलीकडूनही स्वच्छ ऐकू आलं. मग एकदम शांतता झाली, आणि मग साहेबांचंच हसणं. बंब बाहेर आला तो कान लाल करून. "थांबतोय," एवढंच म्हणाला. काय कारण दिलं, ते मी कितीही विचारलं तरी सांगेना.

मला घरी सोडायला आला, पण फाटकापाशीच अडखळला. आत्या दारात उभी होतीच.

"कुठे होतीस?"

"टेकडीवर, आत्या! फुलं आलीत, सगळं फुटलंय, तुला काय सांगू..."

आत्याचं लक्ष फुलांकडे नव्हतं. माझ्या पांढऱ्या बाह्यांवर, दोन्हीकडे, कोळशाची पाच-पाच बोटं स्वच्छ उमटली होती. तिनं ती पाहिली. मग फाटकापलीकडे पाहिलं, तर तो आपले काळे हात पाठीमागे लपवत होता.



"बाहेर काय उभा राहिलास रे?" आत्या म्हणाली. "आत ये, साबण देते. आणि पुढच्या वेळी हात धुऊन तिला घेऊन जा."