न विचारता लिहिलेला प्रसंग

दुआर्नेने या फ्रेंच गावाच्या बंदरावरचा पाऊस सरळ पडत नाही, आडवा येतो. एलोदीची छत्री पहिल्याच वळणावर उलटली आणि ती धावत सिनेमागृहाच्या छपराखाली शिरली. शिडीवर उभा राहून एक माणूस फलकावर अक्षरं लावत होता.

"नाव चुकलंय," ती म्हणाली. "वासेर नाही... वासेल."

"ल संपलेत," तो वळून न बघता म्हणाला. "आणि त्या बाईंना कुठे कळणार आहे? पॅरिसला राहतात त्या."

"कळलंय त्यांना."

तेव्हा तो वळला. ओल्या केसांच्या, हसू दाबणाऱ्या एलोदीला बघून त्याचे कान लाल झाले. मुकाट्याने त्याने शेजारच्या सिनेमाच्या नावातला ल काढला आणि तिच्या नावाला लावला.

तो तांगी. ते छोटंसं सिनेमागृह तोच चालवायचा. एलोदीने लिहिलेला आणि दिग्दर्शित केलेला तो पहिलाच चित्रपट. दोन बहिणी, एक स्वयंपाकघर, बाकी नुसतं बोलणं. पाहायला जेमतेम एक रांग भरली. हिरमुसलेल्या एलोदीला तांगी कुट्टूची धिरडी खायला घेऊन गेला.

"लोक आले नाहीत, पण आलेले उठून गेले नाहीत," तो सफरचंदाची सायडर ओतत म्हणाला. "माझ्याकडे हे क्वचितच घडतं."

ती हसली. मग तिने घरी कोण असतं विचारलं आणि तो बोलत गेला... बायको सोडून गेली त्याबद्दल. अजूनही घरी पोचल्यावर दारातून 'आलो' म्हणतो, हेही त्याने सांगून टाकलं.

"वेडेपणाच आहे," तो म्हणाला.

"नाही," ती म्हणाली, आणि बराच वेळ त्याच्याकडे बघत राहिली.

पुढे दोन वर्षं फोन चालू राहिले. उन्हाळ्यात ती येई, दोघं किनाऱ्यावर भटकत, एकमेकांना अरेतुरे करू लागले... पण त्यापुढचं कुणीच बोललं नाही.

तिचा दुसरा चित्रपट मात्र गाजला. समीक्षकांनी डोक्यावर घेतला. पॅरिसबाहेरचा पहिला खेळ तिने हट्टाने तांगीकडे ठेवला, रविवारी दुपारी. सिनेमागृह तुडुंब भरलं. पडद्यावरचा नायक रिकाम्या घराचं दार उघडून म्हणाला, "आलो." सगळ्यांनी श्वास रोखला. तांगी उठून बाहेर गेला.

एलोदी मागोमाग आली.

"ते माझं होतं," तो शांतपणे म्हणाला. "तुला सांगितलं होतं. सगळ्या गावाला नाही."

"तुझं नाव कुठेही—"

"नावाचं काय घेऊन बसलीस? मी ओळखलं ना स्वतःला."

"विचारायला हवं होतं," ती म्हणाली. "विचारलं असतं तर तू म्हणाला असतास, हाच प्रसंग का. मग खरं कारण सांगावं लागलं असतं... तेवढं धैर्य नव्हतं."

"कसलं कारण?"

आत टाळ्या सुरू झाल्या. कुणीतरी तिला हाक मारली. प्रेक्षक प्रश्न विचारायला थांबले होते.

पहिला प्रश्न मादाम केरवेलांचा. मासळीबाजारात आयुष्य काढलेल्या बाई, आवाज खणखणीत.

"त्या बिचाऱ्याच्या घरी शेवटी कुणी येतं का नाही, पोरी?"

एलोदीने हातातला माइक उगाच फिरवला. "मला तिथे कुणीतरी यायला हवं होतं. पण... ते घर माझं नाही. न विचारता एकदा आत शिरले, पुन्हा तसं करणार नाही."

मागे दाराशी तांगी उभा होता. त्याने घसा साफ केला.

"विचारून बघायला हरकत नाही," तो म्हणाला.

मादाम केरवेलांनी मान वळवून त्याच्याकडे पाहिलं, मग तिच्याकडे. "हे दोघं सिनेमाबद्दलच बोलतायत ना?" त्यांनी शेजारणीला विचारलं, आणि सगळे हसले.

लोक पांगल्यावर एलोदी रिकाम्या खुर्च्यांमधून त्याच्याजवळ आली.

"माझी बस सहाची आहे," ती म्हणाली. "मला जायचं नाहीये. मी तुझ्या प्रेमात आहे, तांगी... बऱ्याच दिवसांपासून. येऊ का घरी?"

"हे लिहिणार नसशील तर."

"एक अक्षरही नाही."

"मग थांब, दिवे बंद करतो," तो म्हणाला, आणि तिचा हात धरूनच बटणांकडे निघाला.