अण्णांच्या शेताची मुदत

यातलं एक अक्षरही रचलेलं नाही. पुनमने ही हकीकत आजवर तिघांना सांगितली. एकाने डॉक्टरांचा नंबर दिला. दुसऱ्याने एका महाराजांचा पत्ता दिला. तिसरा तिचा नवरा सुदर्शन. त्याने काहीच दिलं नाही, कारण जे घडलं त्यातलं निम्मं त्याने स्वतः पाहिलं होतं.

आणि ही रात्रीची गोष्ट नाही.

तारीख अकरा फेब्रुवारी, दोन हजार पंचवीस. मंगळवार. ठिकाण नांदेड, तरोडा नाक्याच्या पुढे एका इमारतीचा दुसरा मजला. वेळ दुपारी चारची. खिडकीतून ऊन आत आलेलं होतं, खाली भंगारवाला ओरडत होता. भीती वाटावी असं तिथे काहीही नव्हतं.

पण त्याआधीचं थोडं सांगायला हवं.

पुनमचे वडील शेषेराव. घरात सगळे अण्णा म्हणत. मूळचे हदगावकडचे. विष्णुपुरीला कॉलेजच्या वर्कशॉपमध्ये मुलांना लेथ शिकवण्यात त्यांची तीस वर्षं गेली. निवृत्तीनंतर दोन वर्षांनी डाव्या हाताला लकवा मारला. फिजिओथेरपीवाल्याने सांगितलं, बोटं हलती ठेवा. रबरी चेंडू दाबायला दिला, तर अण्णांनी तो गल्लीतल्या कुत्र्याला टाकला.

मग पुनमने लातूरहून व्हिडिओ गेमचा डबा आणला. टीव्हीला जोडून दिला. खेळायला दोन दांड्यांचा रिमोट. त्यात एक शेतीचा खेळ होता. नांगरायचं, पेरायचं, माल काढायचा. हे शेत डब्यात नसतं, कंपनीच्या कॉम्प्युटरवर असतं. वर्षाचं सबस्क्रिप्शन भरलं की शेत चालू. नाही भरलं की बंद. ते सगळं पुनमच्या फोनवरून चाले.

अण्णा रोज चारला बसत आणि पाचला उठत. शेजारी पुनमची आई, गुणाबाई. ती देवणीची.

"ह्याच्यात बैल न्हाईत?" तिने पहिल्याच दिवशी विचारलं.

"न्हाईत. ट्रॅक्टर हाय."

"मग कशाचं शेत? आमच्या देवणीची एखादी जोडी असती म्हंजे बघितलं असतं."

असं म्हणत ती रोज बघायची. वर बोलायची. "नांगराचं तास वाकडं चाललंय बघा. दारू पिऊन नांगरायलाव का?"

खात्यात नावं टाकताना अण्णा पुनमला म्हणाले होते, "हिचं बी नाव टाक. सातबाऱ्यावर कधी आलं न्हाई, इथं तरी येऊ दे." म्हणून तीन नावं झाली. पुनम, अण्णा, आई. फोनमध्ये तिघांची नावं एकाखाली एक. जो खेळत असेल त्याच्यापुढे हिरवा ठिपका.

नऊ जानेवारीला अण्णा गेले. झोपेतच.

तेरावा झाला. पाहुणे पांगले. पुनम आईला म्हणाली, "चल लातूरला. एकटी काय करणार इथं?"

"न्हाई येत. चारला ते येतेत."

"कोण?"

आईने तिच्याकडे असं पाहिलं, जणू पुनमच खुळी झाली होती. "तुझे अण्णा, दुसरं कोण?"

नवं दुःख आहे, बोलेल काही दिवस, असं पुनमला वाटलं. ती लातूरला परतली. ती तिथे ज्युनियर कॉलेजात शिकवते. एके दिवशी स्टाफरूममध्ये सहज फोन उघडला...

अण्णांच्या नावापुढे हिरवा ठिपका होता.

चार वाजून सहा मिनिटं.

आईने चुकून बटण दाबलं असेल. तिने स्वतःची समजूत घातली. दुसऱ्या दिवशी चारला पुन्हा पाहिलं. हिरवा. तिसऱ्या दिवशी हिरवा. बरोबर पाचला विझायचा.

म्हणून अकरा फेब्रुवारीला रजा टाकून तिने नांदेडची बस धरली.

दार आईनेच उघडलं. "बरं झालं आलीस. पण जरा हळू. चालू हाय त्यांचं."

आतून ट्रॅक्टरचा आवाज येत होता...

टीव्हीवर काळं रान. ट्रॅक्टर सरळ रेषेत चाललेला. बांधापाशी आला, वळला, पुन्हा तास धरला. अण्णांची खुर्ची रिकामी. रिमोट तिच्या बैठकीवर पडलेला. त्याला कुणी हात लावलेला नव्हता.

पण त्याची डावी दांडी हलत होती. थोडी पुढे. थोडी बाजूला.

अडखळत. लकव्याच्या हाताने हलवावी तशी.

पुनमने भिंतीवरचा प्लग उपटला. टीव्ही काळा झाला. खाली भंगारवाला तसाच ओरडत होता.

"अगं माय! तासाच्या मधीच?" आई कळवळली. "निदान बांधाला तरी लागू द्यायचं होतं."

त्याच संध्याकाळी पुनमने सबस्क्रिप्शनचं आपोआप नूतनीकरण बंद केलं. फोनवर अक्षरं आली, तुमची मुदत चौदा जून, दुपारी साडेचारपर्यंत आहे. गेल्या वर्षी त्याच वेळी, अण्णांच्या शेजारी बसून तिने पैसे भरले होते.

चार महिने. तेवढं थांबायची तिची तयारी नव्हती. खातं अण्णांच्या नावावर होतं, म्हणून कंपनीच्या मदत केंद्राला फोन लावला. मराठी बोलणारी एक मुलगी होती, आवाज मायाळू.

"खातेदार वारलेत ना मॅडम? मग खातं लगेच बंद होईल. मृत्यूचा दाखला पाठवा. आणि जन्मतारीख सांगा."

"एक जून एकोणीसशे छप्पन्न."

थोडा वेळ की-बोर्डचा आवाज.

"जुळत नाही, मॅडम."

पुनमने पुन्हा सांगितली. आधार कार्डावर तीच, पेन्शनच्या कागदांवर तीच, मृत्यूच्या दाखल्यावरही तीच. दुसरी तारीख अण्णांना नव्हतीच.

मग तिला आठवलं. खातं उघडताना अण्णांनी रिमोट तिच्या हातातून घेतला होता. "जन्मतारीख मी टाकतो. आण इकडं." ती तेव्हा चहा टाकायला आत गेली होती.

तिने हदगावला आत्याला फोन लावला. धुरपताबाई, अण्णांची थोरली बहीण, वय ऐंशीच्या पुढे.

"एक जून?" आत्या हसली. "बाई, आमच्या अख्ख्या गावाची पोरं एक जूनलाच जल्मली! मास्तर काय इचारत बसतो व्हय? दाराशी उभं केलं, मापानं बघितलं, दिलं ठोकून एक जून. शेषा पोळ्याच्या करीला झाला. आदल्या दिवशी बैलं मिरवली, दुसऱ्या दिवशी हा. तो सांगायचा की सालासकट, सत्तावन्न. चांगलं शिकल्यावर जुनं पंचांग काढून बघितलं होतं त्यानं."

पुनमने सत्तावन्न सालचा पोळा शोधला. पंचवीस ऑगस्ट. म्हणजे कर सव्वीसची.

दाखला पाठवला आणि मदत केंद्राला तीच तारीख सांगितली. लगेच जुळली.

"हो मॅडम, हीच आहे. पण..." मुलगी थांबली. "दाखल्यावर वेगळी आहे ना. आमच्या नोंदीप्रमाणे ही दोन वेगळी माणसं होतात. दाखला ज्यांचा आहे, ते वारले. आमचे खातेदार नाही वारले."

"अहो, माणूस एकच आहे!"

"मला कळतंय, मॅडम. पण ह्या तारखेला जन्मलेला माणूस वारल्याचा एकही कागद तुमच्याकडे नाही."

ते खरं होतं. तसा कागद ती आणणार कुठून? आयुष्यभर अण्णांनी मास्तरांची तारीख निमूटपणे लिहिली. स्वतःची खरी तारीख एकाच ठिकाणी दिली. आणि तिथे ते जिवंत होते.

उरली फक्त मुदत. चौदा जून.

आई मात्र वाळत चालली होती. शेजारच्या सरजाबाई फोनवर म्हणाल्या, "पुनम, तुझी आई जेवायली न्हाई नीट. दुपारी दार वाजवलं तर उघडत बी न्हाई." मे महिन्यात पुनम आणि सुदर्शन गाडी घेऊन गेले आणि आईला जवळजवळ उचलूनच लातूरला आणलं. नांदेडच्या घराचा मेन स्विच पाडला. कुलूप घातलं. डब्याची वायर काढून पुनमने स्वतःच्या पर्समध्ये ठेवली.

वाटेत अहमदपूरला चहासाठी थांबले तेव्हा आई म्हणाली, "आता मलाच जावं लागंल."

दुसऱ्या दिवशी, औसा रोडवरच्या पुनमच्या घरात, आई दिवाणावर बसून शेंगा सोलत होती.

चार वाजले...

टरफलांचा आवाज थांबला.

पुनमने वळून पाहिलं. आई तशीच बसलेली. डोळे उघडे. हात मांडीवर.

"आई?"

पुनमने तिचा खांदा हलवला.

"आई!"

पुनमने फोन उघडला. वायर पर्समध्ये, घराला कुलूप, वीज बंद. अण्णांच्या नावापुढे हिरवा ठिपका.

आणि त्याखाली, आयुष्यात रिमोट हातात न धरलेल्या आईच्या नावापुढे...

हिरवा.

पाचला दोन्ही ठिपके विझले. आईने पापण्या मिटल्या, उघडल्या, आणि पुढची शेंग फोडली.

"कुठं होतीस तू?" पुनमने तिचा हात धरून विचारलं.

"कुठं म्हंजे? शेतात." आई साधेपणाने म्हणाली. "तुझे अण्णा म्हणले, राहा की आता इथंच. मी म्हणलं, पुनमला वरणाला फोडणी द्यायला येत न्हाई अजून, कशी राहू?" आणि हसली. कित्येक महिन्यांनी पहिल्यांदाच हसली.

त्यानंतर रोज तसंच. चार ते पाच. डॉक्टरांनी डोक्याचे फोटो काढले, काही निघालं नाही. पुनमने कॅलेंडरवर चौदा जूनला गोल केला. तेवढे दिवस काढायचे. मग शेतच राहणार नाही.

तो दिवस शनिवार होता. सुदर्शन घरी होता. चारला आई गेली. दोघं तिच्या समोर बसले. पुनमच्या हातात फोन.

चार पंचवीस. दोन्ही ठिपके हिरवे.

चार एकोणतीस.

साडेचार...

ठिपके विझले. अक्षरं आली, तुमची मुदत संपली आहे.

पुनमने सुटकेचा श्वास सोडला. "आई, झालं बघ."

आई हलली नाही.

"आई?"

पाच वाजले. सव्वापाच. डोळे उघडेच. नाडी चालू, श्वास चालू. पण डोळ्यांत कुणी नव्हतं.

सहाला सुदर्शनने ओळखीच्या डॉक्टरांना घरी आणलं. त्यांनी बॅटरी टाकून पाहिलं, चिमटा काढून पाहिला. "ताबडतोब दवाखान्यात हलवा," म्हणाले आणि गाडी बोलवायला जिन्याकडे गेले.

तेव्हा पुनमला उमगलं, तिने काय केलंय.

शेत बंद झालं होतं. पण आई अजून आतच होती.

तिने फोन उचलला. नूतनीकरण करा. कार्डाचे आकडे. चुकले. पुन्हा टाकले. आता ओटीपी... येईना. मिनिट गेलं. दुसरं गेलं. आईचा खालचा ओठ सैल सुटत चालला होता.

"सुदर्शन, तिचा हात धर. सोडू नको!"

ओटीपी आला. टाकला. पडद्यावर चक्र फिरत राहिलं...

दोन ठिपके हिरवे झाले.

मग एक विझला. आईचा.

आईने खोल श्वास घेतला, जसा विहिरीतून वर आलेला माणूस घेतो. तिच्या हाताला ओल्या ढेकळांचा वास येत होता. लातुरात त्या आठवड्यात पाऊस नव्हता.

"अगं, किती येळ केलास!" ती रागावून म्हणाली. "वाटच मिटली होती. अंधार गुडुप. मी हाका मारायले, तुझे अण्णा हाका मारायलेत. कुणी ऐकायला न्हाई."

दारात डॉक्टर उभे होते. त्यांनी बॅग उचलली आणि काही न विचारता निघून गेले.

त्या रात्री पुनमने आपोआप नूतनीकरण पुन्हा सुरू केलं. दुसरं कार्डही जोडून ठेवलं, एक चाललं नाही तर. आता ती शेत बंद करू शकत नाही.

पण चालूही किती दिवस ठेवणार? कारण आई पाचला येत नाही आता. जुलैत सव्वापाचला यायची. दिवाळीत साडेपाच, पावणेसहा. अलीकडे दिवा लागून जातो तरी येत नाही. सुदर्शन म्हणतो, उशीर का होतो ते विचार, तिला थांबव. पुनमने विचारलंय. पाया पडून विचारलंय. आई तिच्या डोक्यावरून हात फिरवते आणि म्हणते, "काम असतं गं."

काल ती पावणेसातला आली. पाणी प्यायली. खुशीत होती.

"उद्या सुगी हाय," म्हणाली. "जेवायला माझी वाट बघू नको."

आज पुनम कॉलेजला गेली नाही. दुपारपासून ती दिवाणावर आईला खेटून बसली आहे. आईचा हात तिने दोन्ही हातांत धरला आहे. आई सांगते आहे, तूर कशी आली, कडेचं तास किती सरळ पडलं.

भिंतीवरच्या घड्याळात चारला चार मिनिटं कमी आहेत.