दुसऱ्या रकान्यातला माणूस

ही घटना खरी आहे.

असं प्रत्येकजण म्हणतो, हे मला माहीत आहे. मला ती नीट सांगता येईल की नाही, याचीही खात्री नाही. पण ज्याच्या बाबतीत ती घडली तो माझा सख्खा मावसभाऊ, आणि तो उभ्या जन्मात एकदाच खोटं बोलला.

त्या एका खोट्याची ही गोष्ट.

वार शुक्रवार. संध्याकाळचे पाच वाजायला आले होते. जागा, राष्ट्रीय उद्यानातला एक झुलता लाकडी पूल. काळोख नव्हता. झाडांच्या शेंड्यांवर स्वच्छ ऊन होतं.

भावाला घरी सगळे नाना म्हणतात. छापखान्यात त्याचं नाव 'कानामात्रा'. छत्तीस वर्षं त्याने मुद्रितं तपासली. पूर्वी हे काम दोघांचं असे. एकाने मूळ प्रत मोठ्याने वाचायची, दुसऱ्याने छापलेल्या कागदावरच्या चुका टिपायच्या. पुढे वाचणारा निवृत्त झाला, त्याच्या जागी कुणी आलं नाही. मग नाना एकटाच वाचायचा आणि एकटाच खुणा करायचा.

लग्न केलं नाही. जिन्यावरची एक खोली, एक खाट, आणि भिंतीला टेकून रचलेली पुस्तकं.

निवृत्तीला महिना उरला तेव्हा त्याने सहल ठरवली. चार दिवसांची. आधी शहर: संग्रहालय, जुनं ग्रंथालय, एक नाटक. मग जंगल: उद्यानातली चौदा किलोमीटरची पायवाट. कागदावर रेघा मारून त्याने अर्ध्या अर्ध्या तासाचा तक्ता केला.

शेजारच्या टेबलाशी संगणकावर मजकूर जुळवणाऱ्या बाई बसत. त्यांनी मान लांब करून तक्ता वाचला.

"नाना, ही सहल आहे की आगगाडीचं वेळापत्रक? 'चार ते सव्वाचार, बाकावर बसणे.' बसायचं विसराल म्हणून लिहिलंत का?"

नाना नुसता हसला.

"बरोबर कोण आहे?"

"आहे… एक मित्र."

"तुम्हाला मित्र आहे? इतकी वर्षं कुठे लपवून ठेवला होतात?"

खरी गोष्ट अशी होती. शहर आणि उद्यान मिळून पर्यटन कार्यालयाचा एकच परवाना निघायचा. त्याच्या अर्जावर ठळक छापलं होतं, किमान दोन व्यक्ती. जंगलात अस्वलं होती. पायवाटेवर एकट्याला सोडत नसत.

नानाच्या जागी दुसरा कुणी असता तर त्याने चार जणांना विचारलं असतं. मी तर दोन गल्ल्या सोडून राहतो. पण विचारायचं म्हटलं की नानाची जीभ टाळूला चिकटते. लहानपणापासून.

त्याने दुसऱ्या व्यक्तीचा रकाना स्वतःच भरला.

खोटं लिहिणारा माणूस नाव आणि वय टाकून मोकळा होतो. नानाला रिकामा रकाना बघवत नाही. त्याने सगळे भरले. वय, साठ. उंची, आपल्यापेक्षा दोन बोटं जास्त. दुखणं, उजवा गुडघा. नातं, मित्र. अडचणीच्या वेळी कुणाला कळवायचं? तिथे त्याने दोघांच्या पुढे एकमेकांची नावं लिहिली.

त्या मित्राला दिलेलं नाव मला ठाऊक आहे. ते इथे लिहायला माझा हात धजत नाही.

बुधवारी सकाळी तो शहरात पोचला. हॉटेलातल्या कारकुनाने परवाना पाहिला.

"दुसरे पाहुणे?"

"मागून येतोय."

कारकुनाने दोन चाव्या दिल्या. खोलीत दोन खाटा होत्या. नानाने आपली पिशवी पलीकडच्या खाटेवर टाकली. मग थोड्या वेळाने उचलून खाली ठेवली. का, ते त्यालाही सांगता येईना.

संध्याकाळी नाटक होतं. परवान्यावर शेजारशेजारच्या दोन खुर्च्या. उठलं की आपोआप मिटणाऱ्या. नाना बसला. शेजारची खुर्ची मिटलेलीच राहिली.

मध्यंतरात तो बाहेर जाऊन पाणी पिऊन आला.

शेजारची खुर्ची… उघडी होती.

कुणी ठेवलेली पिशवी नाही, कोट नाही. नुसती उघडी. स्प्रिंग बिघडली असेल, असं त्याने ठरवलं. नाटक संपलं, दिवे लागले. नाना उठला.

त्याच क्षणी शेजारची खुर्ची खट्कन मिटली.

गुरुवारी सकाळी खाली चहाला गेला, तर वाढप्याने दोन कप आणले.

"मी एकच सांगितला होता."

"जिन्यात ते म्हणाले ना, दोन ठेव म्हणून."

"कोण?"

पण वाढपी तोवर पुढच्या टेबलाशी पोचला होता. नानाने आपला चहा घेतला. वर्तमानपत्र उघडलं. बराच वेळ त्याने मुद्दाम वर पाहिलं नाही. पाहिलं तेव्हा दुसरा कप तसाच भरलेला होता. समोरची खुर्ची मात्र… माणूस उठून जाताना सरकते तशी, थोडी तिरकी.

इथे मी नानाला अडवलं होतं. म्हटलं, अरे, तू तिथूनच परत का नाही फिरलास?

"भीती नाही वाटली रे," तो म्हणाला. "तुला खोटं वाटेल. बरं वाटलं."

त्या दिवशी संग्रहालयात प्रत्येक चित्रासमोर तो एक पाऊल डावीकडे सरकून उभा राहिला. उजवीकडे जागा सोडून.

शुक्रवारी सकाळी उद्यानाचं वरचं फाटक. वहीत नोंद झाली. आत जाणारे, दोन. खालच्या फाटकातून साडेपाचच्या आत बाहेर पडायचं, नाहीतर शोधायला माणसं पाठवतात, असं पहारेकऱ्याने बजावलं.

"तुमचे सोबती?"

"स्वच्छतागृहात गेलाय. येतोच."

मागे पर्यटकांची बस थांबली होती, रांग वाढत होती. पहारेकऱ्याने दोन बिल्ले पुढे सरकवले. नानाने एक शर्टाला लावला. दुसरा खिशात टाकला.

पहिले तीन किलोमीटर काहीच नव्हतं. पक्षी. वाळलेली पानं. आपलाच श्वास.

मग मागे पावलं वाजू लागली.

एक पाऊल नीट पडायचं. दुसरं… घासत यायचं.

नाना थांबला. पावलंही थांबली. लगेच नाही. एक पाऊल उशिराने.

त्याने वळून पाहिलं. वाट रिकामी होती.

सातव्या किलोमीटरवर तो दगडावर बसला. बिस्किटाचा पुडा फोडला. दोन बिस्किटं शेजारच्या दगडावर ठेवली आणि बोलायला लागला. छापखान्याबद्दल. पूर्वी दोघं मिळून वाचायचे, तेव्हा वाचणारा स्वल्पविरामसुद्धा मोठ्याने म्हणायचा, त्याबद्दल. आयुष्यात तो सलग इतकं कुणाशी बोलला नव्हता.

मागून कुणीतरी खाकरलं. गोष्ट ऐकणारा माणूस मध्येच खाकरतो, तसं.

उठताना त्याने पाहिलं. दगडावर एकच बिस्किट होतं.

पक्षी नेतात. खारी नेतात. मला माहीत आहे.

आठव्या किलोमीटरवर मधली चौकी होती. खिडकीत एक पहारेकरी बसला होता. नाना मान खाली घालून पुढून गेला. पहारेकऱ्याने वहीत पाहून खुणा केल्या आणि म्हणाला, "हं… दोन."

चला, याचं लक्ष नाही, असं नानाला वाटलं.

पाचला दहा कमी असताना तो पूल आला. खाली खोल ओहोळ. पाटीवर लिहिलेलं, एका वेळी एकानेच जावे. नाना पलीकडे गेला. पूल हलायचा थांबला. तो वळून उभा राहिला. काय बघायला, ते त्याचं त्यालाच ठाऊक.

पूल पुन्हा हलला.

पहिली फळी दबली. मग दुसरी. मग तिसरी. दोरखंड करकरत होते. एक फळी पटकन दबायची, पुढची सावकाश. अर्ध्या पुलापर्यंत फळ्या दबत आल्या… आणि थांबल्या.

"या, सावकाश या," नाना म्हणाला. "घाई नाही."

फळी दबलेलीच राहिली.

पाच मिनिटं. दहा मिनिटं. घड्याळात पाच वाजून गेले. खालचं फाटक अजून दीड किलोमीटर होतं.

"गुडघा दुखतोय का? बसा जरा. मी खाली थांबतो तुमच्यासाठी."

असं म्हणून तो निघाला. मागे पावलं वाजली नाहीत. त्या शांततेची मात्र त्याला भीती वाटली.

खालच्या फाटकावर वनरक्षक बाई होत्या. पायाशी चौकीचा कुत्रा. त्यांनी वहीत बोट ठेवलं.

"काका, तुम्ही एकटेच? दुसरे कुठायत?"

"मागे आहे. पुलापाशी."

"गुडघावाले ना? दुखणं होतं तर चौदा किलोमीटर कशाला घेऊन आलात त्यांना?"

साडेपाच झाले. पावणेसहा झाले. ऊन झाडांवरून उतरलं. बाईंनी चौकीतल्या दोघांना हाक मारली. ते बॅटऱ्या आणि वाजवायला पत्र्याचे डबे घेऊन आले.

"या वेळेला अस्वलं ओहोळावर पाण्याला येतात," बाई म्हणाल्या. त्यांनी दोघांतल्या थोराड माणसाकडे हनुवटीने खूण केली. "मागच्या वर्षी याच्या पाठीला अठ्ठावीस टाके पडले. असाच एक जण मागे राहिला होता."

तो माणूस वाकून बुटाची नाडी बांधत होता.

नानाला ती नाडी बघवेना.

"जाऊ नका," तो म्हणाला. "आत कुणी नाही. मी एकटाच आलोय. दुसरं नाव मी… मनाने लिहिलं."

बाईंनी त्याच्याकडे बराच वेळ पाहिलं. मग वायरलेस उचलला आणि मधल्या चौकीला विचारलं, या परवान्यावर किती गेले?

"दोन," खरखरीतून आवाज आला. "मागचा लंगडत होता. इथे पाणी प्यायला. म्हणाला, पुढे मित्र थांबलाय."

बाईंनी वायरलेस खाली ठेवला.

"काका," बाई हळू आवाजात म्हणाल्या, "वेड्यासारखं करू नका. माणूस आत असला आणि तुम्ही नाही म्हणालात, तर आम्ही जाणार नाही. नीट विचार करून सांगा. आहे की नाही?"

नाना म्हणतो, त्याने त्या थोराड माणसाच्या पाठीकडे पाहिलं. मग वाटेकडे पाहिलं. वाट वळणापर्यंतच दिसत होती.

"नाही," तो म्हणाला.

"लिहून द्या."

त्यांनी लाल पेन दिलं. नानाने दुसऱ्या नावावर आडवी रेघ ओढली. समासात शेपटीची खूण केली. छत्तीस वर्षं तीच खूण. काढून टाका.

"हे काय?" बाईंनी विचारलं.

"सवय," नाना म्हणाला, आणि खाली सही केली.

बॅटऱ्या परत खोलीत गेल्या. बाईंनी फाटकाचा अडसर खाली टाकला. तेव्हा कुत्रा उठला. अडसराखाली तोंड घालून वाटेकडे बघत राहिला. भुंकला नाही. गुरगुरला नाही.

शेपूट हलवत होता.

ओळखीचं माणूस दिसल्यासारखा. बराच वेळ. मग शेपूट हळूहळू थांबली… आणि तो तिथेच, आत तोंड करून बसला.

नाना शेवटच्या बसने निघाला. बस वळेपर्यंत त्याने काचेतून पाहिलं. कुत्रा तसाच बसलेला होता.

हे सगळं त्याने मला गेल्या रविवारी सांगितलं. त्याच्या खोलीत, दुपारी, दार उघडं असताना. मी त्याला धीर द्यायला गेलो. म्हटलं, नाना, मनाला लावून घेऊ नकोस. असा कुणी माणूस नव्हताच.

"हो," तो म्हणाला. "मीही तेच लिहून दिलं."

मग बराच वेळ तो नखाने टेबलाची कड खरवडत बसला.

"मी त्याला खाली थांबतो म्हणालो होतो," तो म्हणाला. "तो अजून फळीवर असेल रे. त्याला कुणी सांगितलंच नसेल."

टेबलावर कागद होता. पर्यटन कार्यालयाचा नवा अर्ज. सगळे रकाने भरलेले. दुसऱ्या रकान्यात माझं नाव, माझं वय, माझा रक्तदाबसुद्धा.

"येशील?" त्याने विचारलं. माझ्याकडे न बघता.

मी विषय टाळायला म्हटलं, "दोघांचाच आहे ना अर्ज?"

"जाताना दोघांचाच," नाना म्हणाला.

परवाना येत्या शुक्रवारचा आहे. मी अजून हो म्हटलेलं नाही. नाहीही म्हटलेलं नाही. काल संध्याकाळी तो माझ्या घरी आला होता, चालण्याचे बूट कुठे चांगले मिळतात ते विचारायला. पाच मिनिटं बसला आणि गेला.

जाताना दारात थांबला. उजवीकडे थोडी जागा सोडून.